झपाटलेल्या घरांतील मुक्काम

मनुष्यस्वभाव मोठा विचित्र आहे. ज्या वस्तूचें त्यास भय वाटतें, तीच पाहण्याची त्यास हौसही असते. सिडकोनें १९७० नंतर वसविलेल्या आपल्या नव्या मुंबईंत शनिवारवाड्यासारखे वाडे नाहींत, तरी येथील मुलें झपाटलेल्या घरांचे माहितीपट रात्रीं मोबाइलवर पाहतात आणि सकाळीं विचारतात, "सर, हें खरें असतें काय?" प्रश्न योग्य आहे. त्याचें उत्तर देण्यापूर्वीं अशा घरांत मुक्काम करणारा मनुष्य तेथें काय करतो, हें पाहिलें पाहिजे.

हा प्रकार नवा नव्हे. १० मार्च १९३६ रोजीं हॅरी प्राइस या इंग्रज गृहस्थानें केंट परगण्यांतील एका जुन्या घरांतून बी.बी.सी.च्या द्वारें थेट ध्वनिक्षेपण केलें. श्रोत्यांस भूत मात्र भेटलें नाहीं. आपल्या देशांत या कामीं गौरव तिवारी यांचें नांव झालें. वैमानिकाचें शिक्षण घेतलेल्या या तरुणानें २००९ सालीं 'इंडियन पॅरानॉर्मल सोसायटी' स्थापिली, आणि २०१४ च्या 'हाँटिंग : ऑस्ट्रेलिया' या मालिकेंत परदेशी सहकाऱ्यांबरोबर तेथील झपाटलेल्या म्हणून प्रसिद्ध असलेल्या जागीं रात्री काढल्या. ७ जुलै २०१६ रोजीं दिल्ली येथें त्यांचा अकालीं अंत झाला.

अशा मंडळींच्या हातीं ध्वनिमुद्रक, उष्णतामापक व विद्युत्-चुंबकीय क्षेत्र मोजणारें यंत्र असतें. यंत्र खोटें बोलत नाहीं. पण भिंतींतील विजेच्या तारेजवळही त्याचा कांटा हलतो. कांटा हलला एवढेंच सिद्ध होतें. कोणी हलविला, हें नव्हे. शिवाय सबंध रात्रींतून पाऊण तासाचा चित्रपट निघतो. ज्या घटकांत कांहींच घडलें नाहीं त्या कापल्या जातात, आणि उरलेल्यांस संगीताची जोड मिळते. शोधकाच्या दृष्टीनें त्या कापलेल्या घटकाच अधिक मोलाच्या होत.

मग घरांत जाणवतें तें काय? दोन उदाहरणें देतों. १९२१ सालीं डॉ. विल्मर यांनीं एका अमेरिकन नेत्रवैद्यकीय मासिकांत एका कुटुंबाची हकीकत छापली. त्यांस घरांत पावलें ऐकूं येत, आकृति दिसत, डोकें जड होई. शोधाअंतीं बिघडलेल्या भट्टीचा कार्बन मोनॉक्साइड वायु खोल्यांत शिरत असल्याचें आढळलें; भट्टी दुरुस्त होतांच भुतें गेलीं. (बंद न्हाणीघरांतील गॅस गीझरपासूनही हाच वायु उत्पन्न होऊं शकतो, हें ध्यानांत ठेवावें.) दुसरें उदाहरण विक टँडी या इंग्रज अभियंत्याचें. प्रयोगशाळेंत त्याला अंगावर कांटा येई. एकदां करडी आकृति दिसली. पुढें शेगड्यांत पकडलेलें तरवारीचें पातें आपोआप थरथरूं लागलें, तेव्हां त्यानें शोध केला. एका पंख्यामुळें सेकंदास सुमारें १९ कंपनांचा, कानास ऐकूं न येणारा ध्वनि उठत होता. पंख्याची बैठक बदलतांच तो थांबला. १९९८ सालीं त्यानें हें प्रसिद्ध केलें.

कोणी म्हणेल, भुताचा चित्रपट पाहिल्यानें काय बिघडतें? करमणूक म्हणून पाहिल्यास थोडें. पण हीच समजूत आजारी स्त्रीच्या अंगांत भूत आहे असें ठरविते, तेव्हां तिला औषधाऐवजीं मार मिळतो. याविरुद्ध झटणारे डॉ. नरेंद्र दाभोळकर यांचा २० ऑगस्ट २०१३ रोजीं पुण्यांत खून झाला. त्याच वर्षाअखेर महाराष्ट्रांत जादूटोणाविरोधी कायदा संमत झाला. भूत उतरविण्याच्या मिषानें छळ करणें त्यानें गुन्हा ठरविलें.

विद्यार्थिमित्रहो, गालील समुद्रावर रात्रीच्या वादळांत प्रभूचे शिष्य आपल्याच गुरूस पाहून भूत समजले व ओरडले. त्यानें त्यांस रागें न भरतां धीर दिला आणि आपली ओळख पटविली. अंधारांत कोणी घाबरला तर त्याची थट्टा करूं नका. त्याचा हात धरा, दिवा लावा, आणि खिडकी, पंखा, तारा व शेगडी क्रमानें तपासा. चित्रपटांतील पाहुणा सकाळीं निघून जातो. त्या घरांत आपल्याला राहावयाचें असतें.