पाठ झालं म्हणजे शिकून झालं का? : शिकण्याच्या सहा पायऱ्या



आपल्या गटाची पंचसूत्री कोणती, असं कुठल्याही बैठकीत विचारलं की उत्तर एका सुरात येतं. नियमित बैठक, नियमित बचत, नियमित अंतर्गत कर्जव्यवहार, नियमित परतफेड आणि अद्ययावत हिशोब. नवीन सदस्यालाही दोन-तीन बैठकांत ती पाठ होते. आता दुसरा प्रश्न विचारून बघा. "नियमित परतफेडीचा नियम आपण का केला? एकीनं तीन हप्ते थकवले तर कोणाचं काय बिघडतं?" इथं मात्र दोघी-तिघीच बोलतात. बाकीच्या एकमेकींच्या तोंडाकडे बघतात.

दोन्ही प्रश्न एकाच नियमावरचे आहेत. पहिल्याला आठवण पुरते, दुसऱ्याला विचार करावा लागतो. शिक्षणशास्त्रात या फरकाला पायऱ्या पाडून नावं दिलेली आहेत. डी.एड., बी.एड. करणाऱ्या शिक्षकांना ती शिकवतात. आपल्यालाही ती माहीत असायला हवीत, कारण आपण वर्षभर कसली ना कसली प्रशिक्षणं घेतो आणि आपल्या सहीवर, अंगठ्यावर कर्ज उचललं जातं. कागदावरचं आपल्याला किती कळलंय हा प्रश्न शेवटी आपल्याच पैशाचा आहे.

या पायऱ्या आल्या कुठून?

अमेरिकेत शिकागो विद्यापीठात बेंजामिन ब्लूम नावाचे शिक्षणतज्ज्ञ होते. परीक्षांचं काम त्यांच्याकडे होतं. 1948 पासून ते आणि वेगवेगळ्या कॉलेजांत परीक्षा घेणारी मंडळी एकत्र बसू लागली. अडचण साधीच होती. विद्यार्थ्याला विषय समजला पाहिजे असं सगळेच म्हणायचे. पण समजला म्हणजे काय, हे जो तो आपापल्या परीनं ठरवायचा. एक जण व्याख्या विचारायचा, दुसरा गणित घालायचा, तिसरा मत मागायचा. मग त्यांनी प्रश्नांची वर्गवारी केली आणि 1956 मध्ये ती पुस्तकरूपानं छापली. तीत सहा स्तर होते. 2001 मध्ये ब्लूम यांचे विद्यार्थी लॉरिन अँडरसन आणि मूळ गटातलेच डेव्हिड क्रॅथवोल यांनी सहकाऱ्यांसोबत तीत सुधारणा केली. शेवटच्या दोन पायऱ्यांची अदलाबदल झाली आणि नावं कृतीची झाली. आज वापरात असलेल्या पायऱ्या अशा: आठवणे, समजणे, वापरणे, विश्लेषण करणे, मूल्यमापन करणे आणि नवीन निर्माण करणे.

1950 च्या दशकाच्या अखेरीस ब्लूम भारतातही आले होते. आपल्याकडच्या माध्यमिक शाळांच्या परीक्षा सुधारण्याच्या कामात त्यांनी मार्गदर्शन केलं. आपल्या मुलांच्या शिक्षकांकडून 'ज्ञान, आकलन, उपयोजन' हे शब्द ऐकले असतील, तर त्यांचं मूळ याच वर्गवारीत आहे.

नावं जड वाटतात ना? आपल्या रोजच्या व्यवहारातलं एकच उदाहरण घेऊन एकेक पायरी चढू. उदाहरण आहे कर्जाच्या व्याजाचं.

पहिली पायरी: आठवणे

"आपल्या गटाचा व्याजदर किती?" "शेकडा दोन रुपये महिना." झालं उत्तर. इथं विचार करावा लागला नाही, लक्षात होतं ते सांगितलं. ही पायरी कमी महत्त्वाची आहे असं समजू नका. दरच आठवत नसेल तर पुढचं काहीच होणार नाही. फक्त इथंच थांबायचं नाही.

दुसरी पायरी: समजणे

"आपलं व्याज उतरत्या शिलकीवर आहे म्हणजे काय, ते नवीन आलेल्या सुनबाईला सांगा." आता पाठ केलेलं वाक्य चालत नाही. "जसजसं मुद्दल फिटत जातं, तसतसं व्याज कमी होतं. जेवढं देणं बाकी, तेवढ्यावरच व्याज," असं जी आपल्या शब्दांत सांगू शकते, तिला ते समजलं. जी "उतरती शिलक म्हणजे उतरती शिलक" म्हणते, तिला अजून समजायचंय.

तिसरी पायरी: वापरणे

समजलेलं आता आकड्यांवर चालवायचं. दहा हजारांचं कर्ज घेतलं, दहा महिन्यांत फेडायचं, दर महिन्याला मुद्दलाचे हजार रुपये. पहिल्या महिन्याचं व्याज दहा हजारांवर 200 रुपये, म्हणजे हप्ता 1,200. दुसऱ्या महिन्यात बाकी नऊ हजार, व्याज 180, हप्ता 1,180. असं उतरत उतरत दहाव्या महिन्यात एक हजारावर 20 रुपये. सगळं व्याज मिळवलं तर 1,100 रुपये होतं. हे ज्या सखीला आपल्या स्वतःच्या कर्जासाठी मांडता येतं, ती तिसऱ्या पायरीवर आली. लिहिता येत नसेल तर तूरडाळीचे दाणे मांडून करा. हिशोब तोच येतो.

चौथी पायरी: विश्लेषण, म्हणजे सुटं सुटं करून बघणे

समजा गावात कोणी कर्ज द्यायला आलं. म्हणालं, "ताई, तुमच्या गटात शेकडा दोन, आमच्याकडे फक्त दीड! हप्ताही कमी." दहा हजार, दहा महिने, दरमहा 1,150 रुपये. आपला पहिला हप्ता 1,200, त्यांचा 1,150. स्वस्त कुठलं?

आता फोड करा. 1,150 मधले हजार मुद्दलाचे आणि 150 व्याजाचे. पण हे 150 दर महिन्याला तेवढेच राहतात, कारण व्याज पहिल्या दहा हजारांवरच धरलंय. दहाव्या महिन्यात तुमच्याकडे त्यांचे फक्त हजार रुपये उरलेत, तरी व्याज 150. गटात त्याच महिन्यात 20. एकूण व्याज दहा वेळा दीडशे, म्हणजे 1,500. गटाचं 1,100. दर दीडचा, पण खिशातून जातात 400 रुपये जास्त. चौथ्या महिन्यापासून तर गटाचा हप्ताही त्यांच्यापेक्षा कमी होतो: 1,140. शिवाय फॉर्मची फी, विम्याचे पैसे आधीच कापून घेतले असतील, तर हातात दहा हजारही पडत नाहीत. ते वेगळं मोजायचं.

"दर किती?" एवढंच विचारणारी इथं फसते. "व्याज कशावर?" असं विचारणारी वाचते. पहिल्या आणि चौथ्या पायरीतलं अंतर हे असं चारशे रुपयांचं आहे. कर्ज एक लाखाचं असेल, तर तेच अंतर चार हजारांचं.

पाचवी पायरी: मूल्यमापन, म्हणजे तोलून ठरवणे

गटाकडे वीस हजार शिल्लक आहेत आणि अर्ज दोन आलेत. एकीला शेळ्या घ्यायच्यात, वीस हजार पाहिजेत. दुसरीला सासूच्या ऑपरेशनसाठी पंधरा हजार पाहिजेत. कोणाला द्यायचं? हे पाठांतरात नाही, गणितातही नाही. निकष ठरवावे लागतात. निकड कोणाची? परतफेड कशातून होणार? आधीचं कर्ज आहे का? शेळ्या महिनाभरानं घेतल्या तर चालेल का? "ती माझी जाऊ आहे" हा निकष नाही. निर्णय झाला की कारणही सांगता आलं पाहिजे आणि ते इतिवृत्तात लिहिलं गेलं पाहिजे. कारण लिहिलेलं असलं की पुढच्या महिन्यात कुजबुज होत नाही.

सहावी पायरी: नवीन निर्माण करणे

वरचा पेच दर पावसाळ्यात येतो, हे लक्षात आलं. मग गटानं बसून नवा नियम केला: दर महिन्याला प्रत्येकीनं दहा रुपये जास्तीचे टाकायचे, ते फक्त आजारपणासाठी ठेवायचे, व्याज किती आणि फेड किती दिवसांत ते आधीच ठरवायचं. हा नियम कुठल्याही प्रशिक्षणाच्या पुस्तिकेत तयार नव्हता. आधीच्या पाच पायऱ्यांवर जे हाती आलं, त्यातून तुम्ही तो घडवला. ही सहावी पायरी.

पायरी प्रश्नाची, बाईची नाही

इथं एक गोष्ट नीट ध्यानात घ्या. ही वर्गवारी प्रश्नांची आणि कामांची आहे, माणसांची नाही. "अमकी पहिल्या पायरीवरची, तमकी पाचव्या" असं म्हणायला ती केलेली नाही. एकच बाई व्याजाच्या बाबतीत पहिल्या पायरीवर असेल आणि पेरणीच्या बाबतीत पाचव्या. ज्या मावशींनी शाळेचं तोंड पाहिलं नाही, त्या आभाळाकडे बघून, मातीची ओल हातात घेऊन पेरायचं की थांबायचं हे ठरवतात. ते मूल्यमापनच आहे. बाजारात भाजीचा भाव सकाळी किती लावायचा आणि चार वाजता किती उतरवायचा, हेही मूल्यमापनच. त्यामुळे "आम्ही अडाणी, आम्हाला काय कळतं" हे वाक्य आता बैठकीतून काढून टाकू.

पायऱ्या चढताना क्रमही फार घट्ट धरू नका. अनेकदा माणूस आधी करून बघतो आणि मग त्याला समजतं. पायऱ्यांचा उपयोग एवढाच, की आपण कुठं अडकलोय ते दिसतं.

घरी मुलांच्या अभ्यासाला

"मला वाचता येत नाही, मुलांचा अभ्यास कसा घेऊ?" असं पुष्कळ जणी विचारतात. घेता येतो. प्रश्न विचारायला वाचता यावं लागत नाही.

मुलगी बाष्पीभवनाची व्याख्या घोकत बसलीय आणि तुम्ही गच्चीवर कुरडया वाळत घालताय असं समजा. तिला वर बोलवा. "व्याख्या म्हण बघू" ही पहिली पायरी. "आता पुस्तकातले शब्द न वापरता सांग" ही दुसरी. "मग या कुरडयांतलं पाणी कुठं जाणार?" ही तिसरी. "ऊन तेवढंच असलं, पण एक दिवस वारा आहे आणि एक दिवस नाही, तर फरक पडेल का? का पडेल?" ही चौथी. "पातळ पसरून घालू की जागा कमी म्हणून दाटीनं घालू? तुझं मत काय, आणि कशावरून?" ही पाचवी. "पावसाळ्यात ऊन नसताना वाळवायचं झालं, तर तू काय सोय करशील?" ही सहावी.

उत्तरं तुम्हाला अनुभवानं माहीत आहेतच. पण लगेच सांगू नका. तिला थोडा वेळ द्या. चुकलं तर "असं का वाटलं?" एवढंच विचारा. ज्या पोराला घरी "का?" विचारलं जातं, ते वर्गातही "का?" विचारायला धजावतं.

प्रशिक्षणात आणि बैठकीत काय करायचं?

प्रशिक्षणाच्या शेवटी "समजलं का सगळ्यांना?" असा प्रश्न येतो. आपण सगळ्या नंदीबैलासारख्या माना डोलावतो. सह्या होतात, फोटो होतो, चहा होतो. मान डोलवण्यानं काही कळत नाही. ना सांगणाऱ्याला, ना आपल्याला. म्हणून पुढच्या मासिक बैठकीपासून हे करून बघा.

• "समजलं का?" हा प्रश्न बंद. त्याऐवजी एका सखीनं उठून झालेला विषय आपल्या शब्दांत सांगायचा. दर वेळी वेगळी सखी.

• ठराव वाचून झाला की सही करण्याआधी कोणीतरी विचारायचं, "यामुळे आपल्यावर कसली जबाबदारी येते?" उत्तर मिळाल्याशिवाय पेन हातात घ्यायचं नाही.

• बाहेरचं कोणतंही कर्ज घेण्याआधी तीन प्रश्न: व्याज कशावर? हातात प्रत्यक्ष किती पडणार? फिटेपर्यंत एकूण किती भरणार? तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर लिहून घ्यायचं.

• प्रशिक्षक आले की आपणच सांगायचं, "आमच्या गटाचं उदाहरण घेऊन करून दाखवा." हा आपला हक्क आहे. त्यात कमीपणा नाही.

आणि एक घरपाठ. व्याजाचं वरचं उदाहरण आपल्या गटाच्या दरानं आणि आपल्या एका चालू कर्जावर मांडा. सचिवांनी एकटीनं नाही, सगळ्यांनी मिळून मांडायचं. जिथं अडाल तिथं खूण करून ठेवा. मी पुढच्या महिन्यात गटभेटीला येईन, तेव्हा आपण त्या खुणेपासूनच सुरुवात करू.

तुमची,
क्षेत्र समन्वयक