जुनी थकबाकी आणि नवा मालक

घर, दुकानाचा गाळा किंवा शेतजमीन यांची खरेदी हा सामान्य कुटुंबाच्या आयुष्यातील सर्वांत मोठा आर्थिक व्यवहार होय. आयुष्यभराची पुंजी त्यात गुंतविली जाते. म्हणूनच खरेदीखत नोंदविण्यापूर्वी सातबारा उतारा, फेरफार व मिळकत पत्रिका बारकाईने पाहण्यात येतात. तथापि, पूर्वीच्या मालकाने वीज व पाण्याची बिले भरली आहेत किंवा नाहीत, याची चौकशी बहुधा राहून जाते. सातारा व सांगली जिल्ह्यांत घरांबरोबरच विहिरी व पंपांसह जमिनींचेही व्यवहार होतात. त्यामुळे हा प्रश्न शहरांपुरता मर्यादित नाही. दुसऱ्याने वापरलेल्या विजेचे पैसे आपण का भरावेत, अशी शंका खरेदीदाराच्या मनात येणे स्वाभाविक आहे.

न्यायालयांची भूमिका

या शंकेचा विचार सर्वोच्च न्यायालयाने वेळोवेळी केला आहे. लिलावात मिळकत घेणाऱ्याकडून पूर्वीच्या ग्राहकाची बाकी मागता येणार नाही, असा निर्णय १९९५ मध्ये ईशा मार्बल्स प्रकरणात देण्यात आला. तशी मागणी करण्याचा अधिकार देणारा नियम त्या वेळी नव्हता. पुढे १९ मे २०२३ रोजी के. सी. निनान प्रकरणात त्रिसदस्य खंडपीठाने ही स्थिती अधिक स्पष्ट केली. विजेची थकबाकी आपोआप मिळकतीवरील बोजा ठरत नाही; परंतु कायद्याखाली केलेल्या नियमांत तशी तरतूद असल्यास, जोडणी देण्यापूर्वी जुनी बाकी भरण्याची अट वितरण कंपनीला घालता येते, असे या निर्णयाचे सार आहे.

महाराष्ट्रातील तरतूद

महाराष्ट्रात अशी तरतूद आहे. राज्य विद्युत नियामक आयोगाच्या २००५ च्या विनियमांनुसार पूर्वीच्या मालकाची किंवा ताबेदाराची थकबाकी जागेवरील बोजा मानली गेली. २०२१ च्या विनियमांतही ही तरतूद कायम राहिली. मात्र तिच्यातच खरेदीदारास मोठे संरक्षण आहे. त्याच्यावर येणारी जबाबदारी जास्तीत जास्त सहा महिन्यांच्या न भरलेल्या आकारापुरतीच असते. समजा, कराडमधील एखादे घर चौदा महिन्यांचे बिल थकवून विकले गेले, तर खरेदीदाराकडे सहा महिन्यांहून अधिक काळाच्या आकाराची मागणी करता येत नाही. उरलेली रक्कम मूळ ग्राहकाकडूनच वसूल करावयाची असते. वारसाच्या नावे जोडणी होताना मात्र ही मर्यादा लागू नाही.

कर व पाणीपट्टी

स्थानिक करांची गोष्ट निराळी आहे. सांगली-मिरज-कुपवाड महापालिकेला लागू असलेल्या १९४९ च्या अधिनियमानुसार मालमत्ता कर हा जमीन महसुलाच्या खालोखाल मिळकतीवरील पहिला बोजा होय. मालमत्ता हस्तांतरण अधिनियम, १८८२ च्या कलम ५५ नुसार विक्रीच्या तारखेपर्यंतचे सार्वजनिक आकार विक्रेत्याने द्यावयाचे असतात; करारात वेगळे ठरले असल्यास गोष्ट वेगळी. कृष्णा-वारणा काठच्या गावांत सहकारी उपसा सिंचन संस्थांच्या कर्जाचा बोजा सभासदांच्या सातबाऱ्यावर इतर हक्कांच्या रकान्यात नोंदलेला आढळतो. विजेची बाकी मात्र सातबाऱ्यावर सहसा दिसत नाही. निर्वेध सातबारा म्हणजे निर्वेध व्यवहार, असे समजणे म्हणूनच धोक्याचे आहे.

घ्यावयाची दक्षता

विसारपावती करतानाच विक्रेत्याकडून अलीकडील वीजबिल मागून घ्यावे. त्यावरील बारा अंकी ग्राहक क्रमांकावरून महावितरणच्या कार्यालयात बाकीची खात्री करता येते. मीटर काढून नेलेली जागा असेल, तर विशेष सावध असावे. कारण तेथे जुन्या थकबाकीमुळेच पुरवठा कायमचा बंद झालेला असण्याचा संभव असतो. घरपट्टी व पाणीपट्टी यांबाबत नगरपरिषद, महापालिका किंवा ग्रामपंचायतीकडून बाकी नसल्याचा दाखला घ्यावा. ताबा देण्याच्या तारखेपर्यंतची सर्व देणी विक्रेत्याची राहतील, असे कलम खरेदीखतात घालावे आणि दाखले मिळेपर्यंत मोबदल्यातील काही रक्कम राखून ठेवावी. व्यवहार पूर्ण होताच मीटरवरील वाचनाची नोंद करून जोडणी आपल्या नावे करून घ्यावी.

नियमापेक्षा अधिक मागणी झाल्यास तिचा महिनावार तपशील लेखी मागावा. समाधान न झाल्यास वीज ग्राहक तक्रार निवारण मंचाकडे व त्यानंतर विद्युत लोकपालाकडे दाद मागता येते. सातारा जिल्हा महावितरणच्या बारामती परिमंडलात, तर सांगली जिल्हा कोल्हापूर परिमंडलात येतो. सहा महिन्यांची मर्यादा मात्र दोन्हीकडे सारखीच आहे. ती ठाऊक नसल्याने अनेकदा सारीच बाकी भरली जाते किंवा कुटुंबाला नव्या घरात अंधारात दिवस काढावे लागतात. खरेदीपूर्वी केलेली थोडीशी चौकशी हे दोन्ही टाळू शकते.