मार्केट ड्रेटन : क्लाइव्हच्या गावचा बुधवार

विजयदुर्ग पाहून आलेल्या मराठी माणसाला रॉबर्ट क्लाइव्ह हे नाव नवं नाही. फेब्रुवारी १७५६ मध्ये तुळाजी आंग्र्यांचा हा किल्ला पडला तेव्हा आरमार वॉटसनचं होतं, जमिनीवरची फौज क्लाइव्हची. आणि तुळाजीशी बिनसलेले पेशवेही इंग्रजांच्याच बाजूला होते. पुढच्याच वर्षी प्लासी झाली. हा क्लाइव्ह मूळचा इंग्लंडमधल्या श्रॉपशायरचा. टर्न नदीकाठच्या मार्केट ड्रेटनजवळ, स्टिच इथे, १७२५ साली तो जन्मला आणि काही काळ याच गावातल्या शाळेत शिकला.

पण गावाचा इतिहास क्लाइव्हच्या फार आधीचा. १२४५ मध्ये तिसऱ्या हेन्री राजाने कोम्बरमेअर मठाच्या मठाधिपतीला इथे दर बुधवारी बाजार भरवण्याची सनद दिली. त्या काळी अशी सनद हे चांगलं उत्पन्न असे, कारण येणाऱ्या मालावरची पट्टी सनदवाल्याची. मठ गेले, राजघराणी बदलली. आठवडे बाजार आजही बुधवारीच भरतो.

१६५१ मध्ये एका भटारखान्यात आग लागली. घरं लाकडाची, त्यामुळे जवळजवळ ७० टक्के गाव जळालं. लोणी-अंडी विकायला बसणाऱ्या शेतकरणींसाठी पुढे बांधलेल्या ‘बटरक्रॉस’ या खांबांवरच्या मंडपाच्या माथ्यावर एक घंटा आहे. पुन्हा आग लागलीच, तर वाजवायला!

गंमत अशी, की ज्या भट्टीने गाव जाळलं तिनेच गावाला नाव मिळवून दिलं. ड्रेटनची जिंजरब्रेड प्रसिद्ध आहे. बिलिंग्टन हे तिथलं जुनं नाव, १८१७ पासूनचं. लांबट, कडक कांडी. चव आपल्या ओळखीच्या सुंठीची. ती पोर्ट वाइनमध्ये बुडवून खायची रीत आहे, आपण चहात खारी बुडवतो तशी. मसाल्यांचं हे वेड क्लाइव्हमुळे, असंही गावकरी सांगतात.

क्लाइव्हच्या दंतकथा तर गल्लोगल्ली. पोरवयात तो सेंट मेरी चर्चच्या मनोऱ्यावर चढून दगडी पन्हाळीच्या राक्षसमुखावर बसला म्हणे. टोळी जमवून दुकानदारांकडून पैसे उकळायचा. न देणाऱ्याच्या खिडक्या फुटायच्या. आपल्याकडे याला हप्ता म्हणतात. बंगालमध्ये त्याने पुढे जे केलं, त्याची रंगीत तालीम इथेच झाली असं म्हणायचा मोह होतो.

गावाबाहेर अभियंता टेलफर्डने आखलेला, १८३५ मध्ये खुला झालेला कालवा आहे. टर्लीच्या पाच जलपाशांतून (लॉक) बोटी पायरी-पायरीने चढताना पाहण्यात तासभर सहज जातो. पूर्वेला काही मैलांवर ब्लोर हीथ, इंग्लंडच्या गुलाबयुद्धांतलं १४५९ चं रणांगण.

शेवटी जवळच्या मोरटन से गावच्या छोट्या चर्चमध्ये जावं. क्लाइव्ह १७७४ मध्ये लंडनला वारला आणि इथे पुरला गेला. भिंतीवर स्मृतिफलक आहे, पण थडग्याची नेमकी जागा दाखवणारी खूण नाही. विजयदुर्ग घेणाऱ्याची खूण शोधावी लागते. बाजार मात्र आपणहून सापडतो. फक्त बुधवार साधून जा.