पाच हजार रात्री

आमच्या घरच्या लाकडी कपाटाच्या आतल्या बाजूला नाटकाचं एक पत्रक खळीने चिकटवलेलं आहे. पातळ गुलाबी कागद, आता कडांनी विटलेला. वर नाटकाचं नाव, मधे कलावंतांची नावं, खाली तिकिटाचे दर, आणि ठळक अक्षरांत ‘शनिवारला रात्री ठीक १० वाजता’. साल कुठेच नाही. मी पाहिलेल्या बहुतेक जुन्या पत्रकांवर ते नसतंच. शनिवार म्हणजे येता शनिवार, हे गावाला ठाऊक असायचं. पुढे चाळीस वर्षांनी कुणी तारीख शोधत बसेल, हे कुणाच्या मनात येणार?

डॉ. परशुराम खुणे यांच्या कारकिर्दीचा मागोवा घ्यायला बसलो, तेव्हा हे पत्रक पुन्हा आठवलं. गडचिरोली जिल्ह्यातल्या कुरखेडा तालुक्यातलं गुरनोली हे त्यांचं गाव. झाडीपट्टी रंगभूमीवरचे ते विनोदी नट. लोक त्यांना ‘झाडीपट्टीचे दादा कोंडके’ म्हणतात. २०२३ च्या प्रजासत्ताक दिनाच्या आदल्या दिवशी पद्मश्रीच्या यादीत त्यांचं नाव आलं. त्यांच्या कामाचं वर्णन सगळीकडे दोन आकड्यांत होतं : ८०० भूमिका आणि ५,००० हून अधिक प्रयोग.

या दोन आकड्यांपाशी जरा थांबावं असं मला वाटतं. झाडीपट्टीचा हंगाम भाऊबीजेपासून होळीपर्यंत, फार तर गुढीपाडव्यापर्यंत. धान कापून बांध्या, म्हणजे धानाची शेतं, मोकळ्या झाल्याशिवाय मंडप उभा राहत नाही आणि शेतीची पुढची कामं सुरू झाली की बघायला माणूस राहत नाही. एका हंगामात नटाला सव्वाशे रात्री मिळाल्या तरी पाच हजार व्हायला चाळीस वर्षं लागतात. चाळीस हिवाळे रात्रभर जागून काढायचे आणि पावसाळ्यात पुन्हा चिखलात रोवणीला उभं राहायचं. खुणे शेतकरीही आहेत, तेही शेतीनिष्ठ शेतकरी म्हणून शासनाने गौरवलेले. गावाचं सरपंचपदही त्यांनी सांभाळलं. नाटक हा त्यांच्या वर्षाचा अर्धा भाग. उरलेला अर्धा धानाचा.

दुसरा हिशेब मला जास्त थक्क करतो. पाच हजारांना आठशेने भागलं तर एका भूमिकेच्या वाट्याला सरासरी सहा-सात रात्री येतात. पुण्या-मुंबईचा नट एकाच भूमिकेचे पाचशे प्रयोग करतो, तिला घासतो, पुसतो, लख्ख करतो. इथे भूमिका हाती येते, चार दिवसांत उभी करायची, सहा-सात गावांत करायची आणि सोडून द्यायची. तालमी थोड्या, विंगेतल्या प्रॉम्प्टरचा आवाज जपून ऐकायचा, आणि नाटक पहाटे चार-पाचपर्यंत न्यायचं. आठशे वेळा नवं माणूस अंगात घ्यायचं हे काम फक्त पाठांतराने होत नाही. त्यासाठी माणसं पाहिलेली असावी लागतात : कोतवाल, सावकार, गावचा बेरकी म्हातारा, बायकोला भिणारा नवरा, देवाच्या नावावर कमावणारा भुत्या.

ज्यांनी हे नाटक पाहिलेलं नाही त्यांच्यासाठी थोडं सांगायला हवं. झाडीपट्टी म्हणजे चंद्रपूर, गडचिरोली, भंडारा, गोंदिया हा जंगलाचा आणि धानाचा मुलूख. दंडार, खडीगंमत, गोंधळ हे इथले मूळचे खेळ. त्यांच्याच अंगणात संगीत नाटक येऊन रुजलं. दिवसा शंकरपट, म्हणजे बैलजोड्यांची शर्यत, किंवा मंडई, म्हणजे गावची जत्रा, पाहुण्यांनी घरं भरलेली, रात्री नाटक. पूर्वी गावची हौशी मंडळी महिनाभर तालमी करून स्वतः उभी राहायची, आणि नट्या नि एखादा नावाजलेला विनोदी नट बाहेरून बोलवायची. पुढे वडसा, म्हणजे देसाईगंज, हे व्यावसायिक मंडळांचं गाव झालं. दिवाळीच्या सुमारास गावोगावचे लोक तिथे जाऊन नाटक ‘बुक’ करतात.

विनोदी नट हा या सगळ्याचा कणा. नाटक कितीही रडवणारं असो, मध्यरात्रीनंतर थंडी वाढली, पोरं मांडीवर झोपली, तणसावर बसलेल्यांचे डोळे मिटू लागले की माणसं धरून ठेवायची ती त्यानेच.

लहानपणी एकदा मी रंगपटात चहाची किटली घेऊन गेलो होतो. नाटकात काम करणारा विनोदी नट अर्धा चेहरा रंगवून आरशासमोर बसला होता. त्याने चहा घेतला आणि विचारलं, ‘‘तुमच्या गावच्या बोडीचा नाव का आहे रे?’’ मी आमच्या त्या छोट्या तळ्याचं नाव सांगितलं. मग विचारलं, यंदा तिला पाणी किती, बांध कुणाच्या बाजूने फुटला. मला वाटलं, गप्पा मारतोय. दोन तासांनी तो मंचावर आला, पडलेल्या चेहऱ्याने म्हणाला की मी बोडीत जीव द्यायला गेलो होतो, आणि आमच्या बोडीचं नाव घेऊन पुढे, ‘‘पर पानीच नाई बाप्पा!’’ सगळं पटांगण हसून आडवं झालं. बांध ज्यांच्या बाजूने फुटला होता तेही हसले. तो नट कोण होता ते आज मला आठवत नाही. घरात कुणालाच आठवत नाही. वाक्य मात्र सगळ्यांना पाठ आहे.

या बोलीबद्दलही सांगायला हवं. झाडीबोलीत ‘ण’चा ‘न’ होतो, ‘ळ’चा ‘र’ होतो. डोळा ‘डोरा’ होतो. शाळेत आम्हांला त्यासाठी छडी बसायची. रात्री मंचावर तेच बोलणाऱ्या माणसाला टाळ्या मिळत. नायक-नायिका बहुधा पुस्तकी मराठी बोलायचे. आमच्यासारखं बोलायचा तो हाच. आपली बोली चार माणसांत बोलायची भीड माझ्या पिढीतल्या कितीतरी जणांची या नटांनी घालवली.

खुणे यांच्या नाटकांत ‘सिंहाचा छावा’, ‘स्वर्गावर स्वारी’, ‘लावणी भुलली अभंगाला’ ही नावं येतात, आणि ‘एकच प्याला’ही येतं. ते लिहिणाऱ्या राम गणेश गडकऱ्यांचा शेवट १९१९ साली विदर्भातच, सावनेरला झाला. ‘एकच प्याला’ रंगमंचावर आलं ते त्यानंतर. शंभर वर्षांनीही झाडीपट्टीत हे नाटक जुनं वाटत नाही, कारण दारूने मोडलेली घरं इथे प्रत्येकाने पाहिलेली आहेत. गडचिरोली जिल्ह्यात दारूबंदी झाली ती १९९३ साली, लोकांनी लढून मिळवलेली. शेजारच्या चंद्रपुरात ती २०१५ मध्ये आली आणि २०२१ मध्ये उठली. अशा मुलखात ‘एकच प्याला’तला दारुडा तळीराम मंचावर येतो तेव्हा हसताना शेजारच्या बाईकडे बघवत नाही. खुणे यांनी दारू, अंधश्रद्धा, अस्वच्छता यांवर मंचावरून सतत बोट ठेवलं, आणि नक्षलवादाच्या वाटेने गेलेल्या तरुणांना परत आणण्याच्या कामातही ते राहिले. ज्या गावांत सभेला माणूस यायला घाबरतो, तिथे नाटकाला सगळं गाव येतं, हे त्यांनी ओळखलं होतं.

झाडीपट्टीच्या या परंपरेत खंडही पडले. २०१४ च्या मे महिन्यात सर्वोच्च न्यायालयाने बैलांच्या शर्यतींवर बंदी आणली. शंकरपट थांबले, तरी नाटकं थांबली नाहीत. महाराष्ट्रात पटाला पुन्हा परवानगी मिळायला २०२१ चा डिसेंबर उजाडला. कोरोनाने मात्र हंगामच हिरावला. तेव्हा नट, वादक, पडदे ओढणारी पोरं, चहाच्या टपऱ्या, सगळेच बसून राहिले.

खुणे यांचं नाव आलं त्याच पद्मश्रीच्या यादीत अभिनेत्री रवीना टंडन यांचंही नाव होतं. त्यांचं काम पाहायचं तर आज रात्रीही पाहता येतं. ज्यांच्या नावाने खुणे ओळखले जातात त्या दादा कोंडक्यांचा १९७१ चा ‘सोंगाड्या’ आजही लावता येतो. दादांनी कुठे थांबून प्रेक्षकाकडे पाहिलं, ते सेकंदासकट दाखवता येतं. खुणे यांचं काम मंचावरचं. त्या आठशे माणसांपैकी बहुतेक जण त्या त्या बांधीत, त्या त्या पहाटे संपले. कॅमेरा हातोहाती आला तो फार उशिरा. मला याचं मनापासून दुःख होतं. हस्तलिखितं मंडळांच्या ट्रंकांत पडली आहेत, प्रॉम्प्टरच्या वह्यांवर समासात नटांनी घातलेली वाक्यं आहेत, आणि ती वाक्यं ऐकलेली माणसं सत्तरी-ऐंशीला आली आहेत. गोंडवाना विद्यापीठ गडचिरोलीतच आहे. त्या विद्यापीठातल्या मुलांनी एक हंगाम वह्या नि ध्वनिमुद्रक घेऊन गावोगाव बसायला हवं, आणि तो हंगाम हाच असायला हवा.

मी सुरुवात घरापासून केली. आईला ते गुलाबी पत्रक दाखवून विचारलं, हे साल कोणतं? तिने बराच वेळ कागद पाहिला. मग म्हणाली, ‘‘त्या साली आपल्या बोडीत पाणी नव्हतं.’’