फुकटच्या तमाशाची किंमत

रविवारची दुपार आहे. जेवणें आटोपलीं आहेत. नवा चित्रपट घरबसल्या पाहावा असा मुलांचा हट्ट चालला आहे, आणि थोरला मुलगा मोठ्या ऐटीनें सांगतो, "पैसे कशाला भरावयाचे? मला एक साइट ठाऊक आहे, तेथें सारें फुकट मिळतें." "फुकट तें पौष्टिक" असें आपण म्हणतोंच, तेव्हां वडील माणसेंही फारशी चौकशी करीत नाहींत. लॅपटॉप दिवाणखान्यांत येतो आणि खेळ सुरू होतो. आज बोलावयाचें आहे तें त्या खेळाविषयीं नव्हे. तो सुरू होण्यापूर्वीं पडद्यावर जें कांहीं घडतें त्याविषयीं.

प्रथम एक साधा हिशेब पाहूं. चित्रपटाची प्रत सांठविणें आणि ती लक्षावधि लोकांपर्यंत पोंचविणें याला खर्च येतो. रीतसर परवानगी घेतलेल्या संस्था तो वर्गणींतून किंवा नामांकित व्यापाऱ्यांच्या जाहिरातींतून भरून काढतात. चोरीच्या प्रतीशेजारीं आपलें नांव झळकावें, असें मात्र अब्रूदार व्यापाऱ्याला वाटत नाहीं. मग तेथें येतात त्या बहुधा इतरत्र थारा न मिळालेल्या जाहिराती. त्याही एका दलालाकडून दुसऱ्याकडे, दुसऱ्याकडून तिसऱ्याकडे अशा हात बदलत येतात. पुढच्या क्षणीं पडद्यावर काय उमटणार, हें पुष्कळदां साइटच्या चालकालाही ठाऊक नसतें. लबाडाला शिरावयास याहून सोयीची फट ती कोणती?

आतां ही लबाडी चालते कशी, तें पाहूं. चित्राच्या मध्यभागीं त्रिकोणी खूण असते. तिच्यावर अनेकदां डोळ्यांना न दिसणारा एक थर पसरलेला असतो; म्हणून पहिली टिचकी चित्रपटावर न पडतां जाहिरातीवर पडते आणि भलतीच खिडकी उघडते. ती गंभीरपणें सांगते, "आपला फ्लॅश प्लेअर जुना झाला आहे, नवा उतरवून घ्या." वस्तुतः फ्लॅश प्लेअर त्याच्या निर्मात्यांनींच ३१ डिसेंबर २०२० रोजीं बंद केला. तेव्हां ही सूचना आज खोटीच समजावी. दुसरी खिडकी म्हणते, "आपण यंत्र नसून मनुष्य आहांत हें सिद्ध करण्यासाठीं 'अलाउ' दाबा." त्या टिचकीनें आपण परवानगी देतों ती निराळीच: साइट मिटल्यावरही खोट्या सूचना पाठवीत राहण्याची. मोबाइलवर तर अधिकृत दुकानाबाहेरचें ॲप घ्यावयास सांगतात, आणि तें आपले संदेश वाचण्याची परवानगी मागतें. चित्रपट दाखविणाऱ्याला आपले संदेश कशाला हवेत? बँकेचा ओटीपी त्यांतच येतो, हें त्याचें उत्तर!

ही युक्ति जुनीच आहे. २०११ सालच्या नोव्हेंबरांत अमेरिकेच्या एफबीआयनें एस्टोनियांतील एका टोळीचा छडा लावला. 'डीएनएस चेंजर' नांवाचा तिचा प्रोग्राम १०० हून अधिक देशांतील सुमारें ४० लक्ष संगणकांत शिरला होता; व्हिडिओ पाहण्यास हा भाग लागतो, असें भासवूनही तो घुसविला जात असे. साइटचा पत्ता सांगणारी व्यवस्थाच तो बदलीत असे. टांगेवाल्याला फितवून प्रवाशाला भलत्याच दारीं उतरवावें, तसा हा प्रकार!

डिसेंबर २०२४ मध्यें मायक्रोसॉफ्टच्या तज्ज्ञांना आढळलेला प्रकार तर थेट आपल्या विषयांतलाच आहे. अनधिकृत साइटींवरील चित्राच्या चौकटींतच लबाड जाहिराती बसविल्या होत्या. त्या प्रेक्षकाला एका ठिकाणाहून दुसऱ्या ठिकाणीं ढकलीत शेवटीं गिटहबसारख्या प्रतिष्ठित जागीं ठेवलेल्या घातक फाइलींपर्यंत नेत. जगांतील जवळजवळ १० लक्ष यंत्रांना याची झळ पोंचली; त्यांत घरचीं यंत्रें होतीं, तशींच कचेऱ्यांतलींही होतीं.

अशा फाइली मोडतोड करीत नाहींत. निमूटपणें माहिती उचलतात. ब्राउझरमध्यें सांठविलेले परवलीचे शब्द त्या नेतात, आणि त्याहून मोलाची कुकी नेतात. ईमेलमध्यें एकदां प्रवेश केला कीं ओळख पटल्याची एक चिठ्ठी यंत्रांत राहते, तीच ही. ती ज्याच्या हातीं पडते त्याला पुष्कळदां परवलीचा शब्दही लागत नाहीं आणि ओटीपीही लागत नाहीं. चित्रपट पाहिला मुलानें; किल्ली गेली वडिलांच्या ईमेलची!

नुसत्या पाहण्यानें प्रत्येक वेळीं घात होतो, असें मात्र नाहीं. अद्ययावत ब्राउझर पुष्कळ गोष्टी दाराबाहेरच अडवितो. म्हणूनच चोराला आपला हात लागतो. आंतली कडी आपणच काढावी, एवढ्यासाठीं हीं सारीं सोंगें.

उपाय साधे आहेत. चित्रपट रीतसर ठिकाणींच पाहावा. जाहिराती सोसल्या तर तेथेंही पुष्कळ कांहीं फुकट मिळतें. चित्रपटासाठीं कांहीं उतरवून घ्या असें कोणी म्हणतांच ती खिडकी मिटावी. चुकून फाइल उघडलीच, तर यंत्राचें इंटरनेट तोडावें, दुसऱ्या यंत्रावरून परवलीचे शब्द बदलावे, सर्व ठिकाणांहून 'लॉग आउट' व्हावें आणि बँकेला कळवावें. पैसे गेले असल्यास भारतांत १९३० या क्रमांकावर तत्काळ तक्रार करावी. आणि मुलानें आपण होऊन "माझ्या हातून असें झालें" म्हणून सांगितलें, तर त्याला रागावूं नये. भीतीनें लपविलेले दोन तास चोराला पुरेसे होतात.