दोन वर्षांची माती

२०२१ साली धनत्रयोदशी मंगळवारी आली, २ नोव्हेंबरला. अंधेरीच्या गावठाणांत हिंदू आणि ख्रिस्ती घरं भिंतीला भिंत लावून आहेत. एका उंबऱ्याशी कणकेचा यमदीप दक्षिणेकडे वात करून ठेवायचा. शेजारच्या घरातून मेणबत्त्यांचं पुडकं, झेंडूची माळ आणि कपडे घासायचा जुना ब्रश पिशवीत घालून माणसं सिमेट्रीकडे निघायची. कॅथलिकांचा तो सर्व मृतांचा स्मरणदिन. कोविडची दुसरी लाट ओसरून जेमतेम सहा महिने झाले होते. एका घरात अपमृत्यू टळावा म्हणून दिवा, दुसऱ्यात जो टळला नाही त्याच्या उशाशी.

ब्रश असतो तो कबरीच्या फरशीवरचं शेवाळ काढायला. पण फरशी सगळ्यांच्या नशिबी नाही. बऱ्याच कबरी म्हणजे मातीचा उंचवटा, डोक्याशी क्रूस, त्यावर नाव आणि नंबर. त्यांना ‘टेम्पररी’ म्हणतात. ‘परमनंट’ म्हणजे घराण्याची, जुनी, आजोबा-पणजोबांनी घेऊन ठेवलेली.

सिमेट्री हा शब्द मुळात ग्रीक, अर्थ निजायची जागा. मेलेला माणूस संपलेला नाही, निजलेला आहे, एक दिवस उठवला जाईल, असं ज्यांना म्हणायचं होतं त्या आरंभीच्या ख्रिस्ती लोकांनी तो दफनभूमीसाठी वापरात आणला. मराठी ख्रिस्ती निधनवार्तेत ‘प्रभूमध्ये निद्रिस्त’ येतं ते तिथूनच. आत्मा अमर आहे एवढंच सांगून ख्रिस्ती धर्म थांबत नाही. त्याला शरीरही परत हवं असतं. संत पौलाने करिंथकरांना लिहिलेल्या पहिल्या पत्राच्या पंधराव्या अध्यायात ते समजावताना बियाण्याचा दाखला दिला आहे: पेरलं ते मातीत मरतं, उगवतं ते वेगळंच रूप घेऊन. साष्टीचे, म्हणजे मुंबईच्या उपनगरांतल्या गावांचे मूळचे ख्रिस्ती, म्हणजे १८८७ साली ज्यांनी ‘ईस्ट इंडियन’ हे नाव घेतलं ते, बरेचसे भातशेती करणारे. त्यांना हा दाखला उलगडून सांगायची गरज पडली नसेल.

आता ती शेतं इमारतींखाली गेली आणि निजणाऱ्यांसाठीही जागा उरली नाही. साधारण दोन वर्षांनी टेम्पररी कबर उघडतात. घरच्यांना आधी कळवलेलं असतं. हाडं काढून नीशमध्ये, म्हणजे भिंतीतल्या कोनाड्यात ठेवतात, नाहीतर सगळ्यांच्या सामायिक खड्ड्यात जातात. मग त्याच मातीत दुसरा माणूस. पश्चिम उपनगरातल्या एका सिमेट्रीत खोदकाम करणाऱ्या काकांना मी विचारलं, दोन वर्षं पुरतात का? ते म्हणाले, “कपडा सुती असला तर माती खाते. नायलॉन, बूट, प्लास्टिकची फुलं, तसंच्या तसं वर येतं.” लग्नातला सूट घालून, आत सॅटिन लावलेल्या पॉलिशच्या पेटीत निरोप द्यायची हौस इथे अशी अंगाशी येते. म्हणून आता पेटी साधी ठेवा, कपडे सुती घाला, असं सांगितलं जातं. वसईत तर काही ठिकाणी पेटीच वगळून सुती कफनात दफन होऊ लागलं आहे. मला ते जास्त ख्रिस्ती वाटतं. येशूला कबरीत ठेवलं तेव्हा पेटी नव्हतीच.

जागा नसली तर उरते दहनाची वाट. ती कॅथलिक चर्चने १९६३ साली मोकळी केली. अट एकच: पुनरुत्थानासारखी ख्रिस्ती शिकवण नाकारण्यासाठी म्हणून ते केलेलं नसावं. २०१६ च्या सूचनापत्रात राख उधळू नये, वाटून घेऊ नये, घरी ठेवू नये, पवित्र जागीच ठेवावी असं आलं. २०२३ च्या डिसेंबरात रोमने थोडी ढील दिली: अनेकांच्या राखेसाठी एकच सामायिक जागा चालेल, प्रत्येकाचं नाव मात्र नोंदलेलं हवं. धर्मशास्त्राचा हिशेब सरळ आहे. ज्याने मातीतून माणूस घडवला त्याला हाडांच्या पत्त्याची गरज नाही. कबर उघडायच्या दिवशी आईची हाडं बघायला जायचं की नाही, हे त्या हिशेबात बसत नाही.

मेलेल्यांना मागे ठेवून जाणंही अंधेरीच्या मरोळकरांना नवं नाही. कोंडिवट्याला जेझुइटांनी १५७९ साली बाप्तिस्मा करणाऱ्या संत योहानाचं चर्च बांधलं. १८४० मध्ये गावात साथ आली, माणसं उठून मरोळला गेली. जाताना जुन्या चर्चमधल्या मूर्ती आणि बाप्तिस्म्याचं कुंडही नव्या चर्चसाठी नेलं. मागे राहिल्या भिंती आणि मातीतली माणसं. १९७३ मध्ये भोवताली सीप्झ, म्हणजे निर्यातीच्या कारखान्यांची वसाहत, उभं राहिलं. रात्रपाळीच्या मंडळींनी त्या भग्न कमानींना लगेच भूत चिकटवलं, पांढऱ्या कपड्यातली बाई वगैरे. वर्षातून एकदा तिथे मिस्सा होते. पावणेदोनशेहून अधिक वर्षांपूर्वी उठून गेलेल्यांचे वंशज खुर्च्या मांडून बसतात. त्यांच्या लेखी तिथे भटकणारं कोणी नाही, वाट पाहणारे आहेत.

ही वाट पाहण्याची जागा कुठली, यावर ख्रिस्ती लोकांतच भांडण आहे. कॅथलिक शुद्धिस्थान मानतात, म्हणून सातव्या दिवसाची, महिन्याची, वर्षाची मिस्सा. जिवंतांच्या प्रार्थनेने मृताचा तिथला काळ हलका होतो. प्रोटेस्टंटांनी हे साफ नाकारलं. म्हणून एकाच सोसायटीत कॅथलिक शेजारी मृताच्या नावाने मिस्सा सांगतो आणि मराठी प्रोटेस्टंट कुटुंब उपकारस्तुतीची सभा घेतं, मृतासाठी काही मागत नाही. स्वर्गाला काय म्हणायचं हेही इकडे ठरवावं लागलंच. जेझुइट फादर थॉमस स्टीफन्सने १६१६ साली मराठीत छापलेल्या ‘क्रिस्तपुराणा’त वैकुंठ हाच शब्द घेतला. भाषा शेजाऱ्याची, घर आपलं.

पण मरणाआधीचं दुखणं? त्याचा जाब विचारायची वेळ साष्टीवर प्लेगने आणली. १८९६ च्या सप्टेंबरात मुंबईच्या मांडवीत डॉ. अकासिओ व्हिएगस यांनी प्लेग ओळखला. पुढच्या काही महिन्यांत शहरातली जवळजवळ निम्मी माणसं बाहेर पळाली, आणि साथ उपनगरांत शिरली. वांद्र्यापासून वर गावोगाव नाक्यानाक्यावर जे दगडी क्रूस दिसतात, त्यांतले कितीतरी त्या दशकातले आहेत. काही नवसाचे, काही वाचल्याच्या उपकाराचे. चर्चपर्यंत जाणं कठीण झालं तेव्हा प्रार्थना रस्त्यावर आली. हा देवाचा कोप आहे असं म्हणणारे तेव्हाही होतेच. खरं तर योहानाच्या शुभवर्तमानात शिष्य जन्मांध माणसाकडे बोट दाखवून नेमकं हेच विचारतात, पाप कोणाचं, याचं की आईबापाचं? येशू दोन्ही नाकारतो. कर्मविपाक मानणाऱ्या शेजारात ते उत्तर धीट आहे. मात्र दुखणं कशामुळे आलं हे तोही सांगत नाही, देवाची कार्यं याच्या ठायी दिसावीत एवढंच म्हणतो. आणि आंधळ्याच्या डोळ्यांना चिखल लावतो.

१९८४ साली पोप दुसरे जॉन पॉल यांनी दुःखावर एक अख्खं पत्र लिहिलं: माणसाचं दुःख ख्रिस्ताच्या दुःखाशी जोडलं जातं आणि त्याला अर्थ येतो. हेच पत्र शेवटी चांगल्या शोमरोन्याच्या गोष्टीवर येतं, म्हणजे जखमी माणूस दिसला की थांबायचं आणि त्याच्या जखमा बांधायच्या. तो भाग गल्लीत पोचत नाही. दारुड्या नवऱ्याचा मार खाणाऱ्या बाईला ‘तुझा क्रूस आहे, वाहा’ म्हणणारे मी ऐकले आहेत. क्रूस तिने निवडलेला नव्हता.

प्लेगच्या क्रूसांपाशी मे महिन्यात अजून लदीन, म्हणजे सामुदायिक प्रार्थना, होते. दिवे, झेंडू, रोझरी, आणि शेवटी कागदाच्या पुडीत उकडलेले चणे. रिक्षा स्टँडवरचे हिंदू चालकही जाता-येता हात लावून कपाळाला नेतात. साथ कुठली होती हे विचारलं तर पोरांना सांगता येत नाही; चणे मात्र लक्षात असतात.

२०२० मध्ये पुन्हा साथ, आणि माती की दहन हा प्रश्न, या वेळी सरकारी परिपत्रकात. ३० मार्चला मुंबई महापालिकेने कोविडच्या सगळ्या मृतांचं दहनच होईल असं फर्मान काढलं आणि त्याच दिवशी ते बदललं. वांद्र्याच्या कब्रस्तानांवरून वाद उच्च न्यायालयात गेला. २२ मे रोजी न्यायालयाने दफनाला मुभा कायम ठेवली आणि सन्मानाने अंत्यविधी हा जगण्याच्याच हक्काचा भाग असल्याचं म्हटलं. तरी भीतीने, जागेअभावी, घाईत बऱ्याच ख्रिस्ती घरांनी दहन पत्करलं. राखेचे कलश नीशमध्ये गेले. ज्यांना माती मिळाली, त्यांच्याही कबरी २०२२-२३ मध्ये उघडायची पाळी आली.

परवाच्या २ नोव्हेंबरला मी पुन्हा खोदकाम करणाऱ्या काकांच्या त्या सिमेट्रीत होते. एका नंबरापाशी मेणबत्तीला हाताचा आडोसा करून एक आजी उभ्या होत्या. लुगडं नेसलेल्या, पायांत रबरी चपला. तेवढ्यात एक तरुण जोडपं आलं, हातातल्या चिठ्ठीवरचा नंबर ताडून बघितला आणि घुटमळलं. क्रूसावरचं नाव त्यांच्या माणसाचं होतं. आजींचं माणूस केव्हाच कोनाड्यात गेलं होतं, पण त्या इथेच यायच्या.

“तुमचं कोण?” आजींनी विचारलं.

“पप्पा.”

आजी जराशा बाजूला सरकल्या आणि आपल्या मेणबत्तीवर त्यांची पेटवून दिली.