सरकारी डॉक्टरांचे निवृत्तीचे वय: गैरसमज आणि वस्तुस्थिती

एकाच सरकारी सेवेत एमबीबीएस डॉक्टर 65 व्या वर्षापर्यंत काम करणार आणि आयुर्वेदाच्या वैद्यांना मात्र 60 व्या वर्षी निरोपाचा नारळ मिळणार, हे न्याय्य आहे का? या प्रश्नावर सर्वोच्च न्यायालयापर्यंत लढाई झाली आणि ती अजून संपलेली नाही. दरम्यान अर्धवट माहितीवर बरेच समज पसरले. त्यांतले पाच नीट तपासून घेऊ.

गैरसमज 1: देशातले सगळे सरकारी डॉक्टर 65 व्या वर्षी निवृत्त होतात.

वस्तुस्थिती: 65 ही केंद्र सरकारच्या सेवेतली मर्यादा आहे. 31 मे 2016 च्या आदेशाने ती केंद्रीय आरोग्य सेवेतील सामान्य वैद्यकीय अधिकाऱ्यांना आणि अध्यापन न करणाऱ्या तज्ज्ञांना लागू झाली. पुढे सप्टेंबर 2017 मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने रेल्वे, आयुष मंत्रालय आणि इतर काही विभागांतील डॉक्टरांसाठीही हाच निर्णय घेतला. राज्यांच्या सेवा आणि रुग्णालये हे राज्यघटनेनुसार राज्याचे विषय आहेत. केंद्राने वय वाढवले म्हणून राज्यात ते आपोआप वाढत नाही. राज्याला स्वतःच्या नियमांत बदल करावा लागतो. महाराष्ट्रात 1982 च्या निवृत्तिवेतन नियमांप्रमाणे बहुतेक कर्मचाऱ्यांचे निवृत्तीचे वय 58 आहे. डॉक्टरांसाठी वेगळी मर्यादा हवी असेल, तर तसा वेगळा निर्णय घ्यावा लागतो.

गैरसमज 2: निवृत्तीचे वय ठरवणे हा सरकारचा धोरणात्मक अधिकार आहे, न्यायालयाला त्यात काही म्हणता येत नाही.

वस्तुस्थिती: अधिकार सरकारचाच आहे, पण तो घटनेच्या अनुच्छेद 14 च्या चौकटीत वापरावा लागतो. दोन गटांना वेगळा नियम लावायचा, तर त्यांच्यातला फरक खरा असला पाहिजे आणि त्या फरकाचा नियमाच्या हेतूशी संबंध असला पाहिजे. दिल्लीतील प्रकरणात याच कसोटीवर निकाल लागला. उत्तर दिल्ली महापालिकेने 2016 मध्ये ॲलोपॅथीच्या डॉक्टरांचे वय 65 केले आणि आयुर्वेदाच्या डॉक्टरांना 60 वरच ठेवले. केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणात आणि उच्च न्यायालयात हरल्यावर महापालिका सर्वोच्च न्यायालयात गेली. 3 ऑगस्ट 2021 रोजी न्या. एल. नागेश्वर राव आणि न्या. हृषिकेश रॉय यांनी महापालिकेचे म्हणणे फेटाळले. उपचाराची पद्धत वेगळी असली तरी दोघेही रुग्णसेवाच करतात, त्यामुळे केवळ पद्धतीवरून निवृत्तीच्या वयात भेद करता येणार नाही, असे न्यायालयाने सांगितले. केंद्राने आयुष डॉक्टरांचे वय वाढवण्याचा आदेश नोव्हेंबर 2017 मध्ये काढला होता. त्याआधी साठी गाठलेल्यांनाही लाभ मिळाला आणि थकीत वेतन देण्याचा आदेश झाला.

गैरसमज 3: म्हणजे बीएएमएस आणि एमबीबीएस डॉक्टर आता सर्व बाबतींत समान ठरले.

वस्तुस्थिती: 2021 चा निकाल निवृत्तीच्या वयापुरता होता. वेतनाचा प्रश्न 26 एप्रिल 2023 रोजी गुजरातच्या प्रकरणात आला, तेव्हा सर्वोच्च न्यायालयाने समान वेतनाचा दावा नाकारला. न्यायालयाने पदनामाऐवजी प्रत्यक्ष कामाकडे पाहिले: आपत्कालीन सेवा, अपघातग्रस्तांवरील उपचार, शस्त्रक्रियेतील साहाय्य, शवविच्छेदन. ही कामे आयुर्वेदाच्या डॉक्टरांकडून होत नाहीत, म्हणून समान कामाला समान वेतन हे तत्त्व येथे लागू नाही, असे न्यायालयाने ठरवले. आयुर्वेदाचे महत्त्व न्यायालयाने नाकारले नाही, हेही लक्षात ठेवायला हवे.

गैरसमज 4: वयाचा वाद तरी आता कायमचा मिटला.

वस्तुस्थिती: मिटलेला नाही. राजस्थानच्या प्रकरणात ऑक्टोबर 2025 मध्ये तत्कालीन सरन्यायाधीश भूषण गवई आणि न्या. के. विनोद चंद्रन यांनी हा प्रश्न मोठ्या खंडपीठाकडे पाठवला. आधीच्या निकालांमधली विसंगती दूर व्हावी, हे त्यामागचे कारण. वयवाढीची गरज ॲलोपॅथीच्या डॉक्टरांच्या टंचाईतून आली, तशी टंचाई इतर पद्धतींमध्ये नाही, हा राज्यांचा मुद्दा खंडपीठाला विचारात घेण्याजोगा वाटला. त्यामुळे 2021 च्या निकालाची प्रत जोडून अर्ज केला की काम झाले, असे कोणी समजू नये.

गैरसमज 5: वय वाढवले की ज्येष्ठ खुर्ची सोडत नाहीत आणि कनिष्ठांची बढती अडते.

वस्तुस्थिती: ही भीती निराधार नाही, म्हणूनच केंद्राच्या नियमात तिच्यावर उपाय आहे. 62 वर्षांनंतर डॉक्टरला प्रशासकीय पद सोडावे लागते. पुढची तीन वर्षे त्याने रुग्ण तपासावेत, शिकवावे, पण विभागप्रमुखाची खुर्ची मागच्याला द्यावी, अशी ही रचना आहे. अनुभव रुग्णांच्या कामी येतो आणि बढतीची वाटही मोकळी राहते.

आपल्याकडे हा विषय दूरचा नाही. महाराष्ट्रातल्या प्राथमिक आरोग्य केंद्रांत एमबीबीएस डॉक्टर गट-अ मध्ये, तर बीएएमएस डॉक्टर गट-ब मध्ये वैद्यकीय अधिकारी म्हणून काम करतात. मेळघाट, गडचिरोलीसारख्या भागांत भरारी पथकातून पाड्यापाड्यांवर जाणाऱ्यांत बीएएमएस डॉक्टर मोठ्या संख्येने आहेत. तिथे बाह्यरुग्ण विभागासमोर रांगेत उभ्या असलेल्या बाईला डॉक्टर जागेवर आहे की नाही, याच्याशी मतलब असतो.

म्हणून समानतेचा आग्रह धरताना पदवीची पाटी नव्हे, कामाची नोंद पुढे ठेवावी. जो डॉक्टर तीच ड्युटी करतो आणि तितकेच रुग्ण तपासतो, त्याला केवळ पदवीमुळे पाच वर्षे आधी घरी पाठवणे अन्याय आहे. जिथे जबाबदारी खरोखर वेगळी आहे, तिथे सरकारने ती शासन निर्णयात कारणांसह लिहावी. मोठ्या खंडपीठाचा निकाल येईपर्यंत थांबण्याचीही गरज नाही. कोणत्या संवर्गात किती पदे रिक्त आहेत आणि कोण कोणते काम करतो, हे तपासून राज्याला आजही न्याय्य नियम करता येतो.